व्होल्गाकाठचे शेजारी: कझान ते अस्त्राखान

रशिया म्हटलं की मॉस्को आणि सेंट पीटर्सबर्ग ही दोन शहरं डोळ्यांपुढे येतात. ताईला आणि मला मात्र व्होल्गा बघायची होती, तीही वरून खाली, थेट समुद्रापर्यंत. आमचं माहेर चौलचं. त्वेरचा अफनासी निकितिन हा रशियन व्यापारी १४६९ साली चौलच्या बंदरात घोडा घेऊन उतरला, हे आम्ही लहानपणापासून ऐकत आलो. रेवदंड्याला त्याचं स्मारकही आहे. ताई पुढे शाळेत इतिहास शिकवायला लागली आणि एक गोष्ट तिच्या मनात घर करून बसली: निकितिन ज्या नदीने निघाला, तिचा खालचा मोठा टप्पा तेव्हा रशियाचा नव्हताच. आज रशियन माणूस जिला ‘माय व्होल्गा’ म्हणतो, तिच्या काठी तातार, चुवाश, काल्मिक, कझाक अशी कितीतरी माणसं पिढ्यान् पिढ्या नांदत आली आहेत. या शेजाऱ्यांना वगळून रशियन लोकांचा इतिहास सांगताच येत नाही, असं ताईचं म्हणणं. मला ते वाटेत पटत गेलं.

सोमवार, ५ ऑगस्ट २०१९ : कझान

कझानका नदी व्होल्गेला मिळते तिथल्या टेकाडावर कझानचा क्रेमलिन, म्हणजे बालेकिल्ला, उभा आहे. पांढरी तटबंदी, आणि आत एकाच आवारात निळ्या घुमटांचं ऑर्थोडॉक्स कॅथेड्रल आणि निळ्याच घुमटाची कुल शरीफ मशीद. कॅथेड्रल सोळाव्या शतकातलं. मशीद २००५ सालची. हा उलटा क्रम कसा, ते समजून घ्यायचं तर १५५२ साली जावं लागतं. त्या वर्षी बावीस वर्षांच्या झार चौथ्या इव्हानने, म्हणजे ‘भयंकर’ इव्हानने, कझानला वेढा घातला. तटाखाली भुयार खणून दारूची पिंपं उडवली आणि तातारांची खानत संपवली. लढताना मारला गेलेला इमाम कुल शरीफ, त्याच्या नावाने आजची मशीद आहे. जुनी मशीद त्या लढाईतच गेली.

मॉस्कोच्या लाल चौकातलं रंगीबेरंगी घुमटांचं सेंट बॅसिल सगळ्या जगाला माहीत असतं. ते इव्हानने याच विजयासाठी बांधून घेतलं, हे किती जणांच्या ध्यानात येतं? रशियाची ओळख म्हणून जे चित्र पोस्टकार्डावर छापलं जातं, त्याच्या पायाशी कझानचा पाडाव आहे. ताई तटावरून खाली नदीकडे बघत बराच वेळ बोललीच नाही.

किल्ल्यातला स्युयुम्बिके मनोरा चक्क कललेला आहे. सात मजले, एकावर एक लहान होत गेलेले. शेवटच्या राण्यांपैकी स्युयुम्बिकेने त्यावरून उडी टाकली अशी कथा सांगतात. इतिहासात मात्र तिला कैद करून मॉस्कोला नेल्याची नोंद आहे. कथेतली राणी लोकांना जास्त जवळची वाटते, हे मनोऱ्याखाली फोटो काढणाऱ्या नव्या नवऱ्या-नवरींकडे बघून कळत होतं.

मंगळवार : जुनी तातार वस्ती आणि स्वियाझ्स्क

कझान पडल्यावर तातारांना तटाबाहेर घालवलं गेलं. ते काबान तळ्याच्या काठी जाऊन राहिले. ती ‘जुनी तातार स्लोबोदा’ आजही आहे: हिरवी, निळी, पिवळी रंगवलेली लाकडी घरं, खिडक्यांना कोरीव चौकटी. दोनशे वर्षं तिथे दगडी मशीद बांधायला परवानगी नव्हती. १७६७ मध्ये राणी दुसरी कॅथरीन कझानला आली, तिने ती दिली, आणि आज ‘मर्जानी’ नावाने ओळखली जाणारी मशीद उभी राहिली.

आमच्याबरोबर वाट दाखवायला विद्यापीठात शिकणारी एक तातार मुलगी होती. तिच्या खापरपणजोबांची पत्रं घरात जपून ठेवली आहेत, पण ती वाचता येणारं घरात कोणी उरलेलं नाही. तातार भाषा आधी अरबी लिपीत लिहायचे. १९२०च्या दशकाच्या शेवटी ती रोमन लिपीत आणली आणि १९३९ मध्ये रशियन लिपीत. बारा-पंधरा वर्षांत दोनदा लिपी बदलली म्हणजे घरातल्या पेट्यांमधला सगळा कागद मुका झाला. त्यात २०१८ मध्ये कायदा झाला की रशियातल्या प्रजासत्ताकांच्या, म्हणजे कझान ज्यात येतं त्या तातारस्तानसारख्या प्रदेशांच्या, भाषा शाळेत ऐच्छिक असतील. २०१० च्या जनगणनेनुसार तातारस्तानात निम्म्याहून जास्त लोक तातार आहेत, मेट्रोतल्या सूचना तातार, रशियन आणि इंग्रजीत होतात, तरी ही मुलगी म्हणाली, “आजीशी तातार बोलते, मैत्रिणींशी रशियन. माझी मुलं कोणाशी तातार बोलतील ते मला सांगता येत नाही.” मला तिच्यासाठी मनापासून वाईट वाटलं. भाषा सरकारी फलकावर टिकते आणि स्वयंपाकघरातून जाते, हे आपल्याकडेही शहरात डोळ्यांसमोर घडतंय.

तिने आम्हाला चाक-चाक खाऊ घातलं. तळलेल्या कणकेचे बारीक तुकडे मधाच्या पाकात घोळवून रचलेले, आपल्या कळीच्या लाडवासारखे. लग्नात मोठा डोंगर करून मांडतात.

दुपारी स्वियाझ्स्कला गेलो. हे बेट बघायलाच हवं, कारण कझान कसं पडलं ते इथे कळतं. १५५१ साली रशियनांनी वर उग्लिचच्या बाजूला लाकडं तोडली, एका गढीसाठी ओंडके कापून, खुणा करून, व्होल्गेत सोडले आणि इथे आणून सुमारे चार आठवड्यांत ते जुळवून किल्ला उभा केला. शत्रूच्या उंबऱ्यावर तयार तळ! त्या वर्षीचं लाकडी त्रिमूर्ती चर्च अजून आहे. काळपट ओंडके, आत मेणाचा आणि जुन्या लाकडाचा वास. तेव्हा हे नुसतं टेकाड होतं. १९५०च्या दशकात खाली धरण झालं, पाणी चढलं आणि टेकाडाचं बेट झालं.

बुधवार : बोल्गार

सकाळच्या जलद बोटीने दोनेक तासांत बोल्गार. वाटेत भूगोलाचा एक धडा फुकट मिळतो. व्होल्गेचा उजवा काठ उंच, कड्यांचा. डावा सपाट, कुरणांचा. उत्तर गोलार्धातल्या नद्या पृथ्वीच्या फिरण्यामुळे उजव्या काठाला जास्त झिजवतात, असं कार्ल फॉन बेअर या शास्त्रज्ञाने एकोणिसाव्या शतकात मांडलं, आणि त्याच्यासमोरचं ठळक उदाहरण व्होल्गाच होतं. किल्ले, शहरं बहुतेक उंच काठावर. गुरं, घोडे, भटके लोक सपाट बाजूला. पुढचा सगळा इतिहास या दोन काठांत वाटला गेलाय म्हणा ना.

बोल्गार ही मंगोलांच्या आधीच्या बोल्गार लोकांच्या राज्याची राजधानी. इथल्या राजाने बगदादच्या खलिफाकडे धर्मशिक्षक मागितले आणि ९२२ साली ते शिष्टमंडळ येऊन पोचलं. त्यातला इब्न फदलान याने जे पाहिलं ते लिहून ठेवलं. उन्हाळ्यातली रात्र इतकी लहान की एक नमाज संपते तोवर पहाटेची वेळ होते, हे त्याने नवलाने नोंदवलंय. आणि इथेच, याच काठावर, त्याला ‘रुस’ भेटले: खजुराच्या झाडासारखे उंच, तांबूस, प्रत्येकाजवळ कुऱ्हाड आणि तलवार, विकायला केसाळ कातडी आणि गुलाम. त्यांच्या मेलेल्या सरदाराला होडीत ठेवून कसं जाळलं, तेही त्याने तपशिलाने लिहिलं. हे रुस बहुधा स्कँडिनेव्हियातून आलेले व्यापारी-योद्धे. पुढे स्लाव लोकांत मिसळून गेले आणि देशाला नाव देऊन गेले. रशियाचा ‘रशिया’ व्हायच्या आधीचा इतका जवळून काढलेला चेहरा एका अरब माणसाच्या लेखणीतून येतो आणि तोही तुर्की बोलणाऱ्या राज्याच्या बाजारात. ताई म्हणाली, “वर्गात शिकवताना या जागेचं नाव मी दोन ओळींत संपवायचे. आता एक आख्खा तास घेतला असता.”

१२३६ मध्ये मंगोलांनी बोल्गार जाळलं. पुढच्याच हिवाळ्यात रियाझान, १२४० मध्ये कीव्ह. मग ‘सुवर्ण टोळी’ या मंगोल सत्तेचं राज्य, आणि रशियन राजे गादीची सनद घ्यायला खाली व्होल्गेकाठच्या सराय शहरात हात जोडून जाऊ लागले. बोल्गार त्या काळात पुन्हा वसलं. आज दिसतात ते अवशेष बरेचसे तेव्हाचे: मोठ्या मशिदीचा पाया, ‘काळी वास्तू’, छोटा मिनार. गवत कमरेएवढं, टोळांचा आवाज, आणि तातार कुटुंबं म्हाताऱ्यांना हाताला धरून मिनाराभोवती फिरवत होती.

गुरुवार : आगगाडीत

दक्षिणेकडची गाडी. प्लात्सकार्त म्हणजे दारं नसलेला ५४ बर्थचा डबा. डब्याच्या टोकाला उकळत्या पाण्याचा बंब. धातूच्या नक्षीदार घरात बसवलेल्या काचेच्या पेल्यातून चहा.

समोर एक चुवाश आजी होत्या, मुलीकडे व्होल्गोग्रादला निघालेल्या. काकडी, उकडलेली अंडी, राय पाव, सगळं मध्ये मांडून “खा गं मुलींनो” असा हुकूम. चुवाश लोकांचं मला फार कुतूहल होतं. ते ऑर्थोडॉक्स ख्रिस्ती आहेत, तातार मुसलमान. पण चुवाश भाषा ही बोल्गार शाखेची आज जिवंत असलेली एकमेव भाषा मानली जाते. त्यामुळे काल पाहिलेल्या त्या शहराचे खरे वारस कोण, यावर दोन्हीकडचे लोक हिरिरीने भांडतात. आजींना विचारलं तर त्यांनी हात झटकला. त्यांच्या मते भाषा ज्याच्या तोंडात तो वारस.

उल्यानोव्स्क, म्हणजे लेनिनचं जन्मगाव, गेलं, सिझरान गेलं. रात्री उशिरा सारातोव्ह. पलीकडच्या काठावर एंगेल्स, एके काळी व्होल्गा-जर्मनांच्या प्रजासत्ताकाची राजधानी. त्यांच्याबद्दल पुढे सारेप्तात.

शुक्रवार : व्होल्गोग्राद

१५८९ साली सरहद्दीची चौकी म्हणून त्सारित्सिन, १९२५ पासून स्तालिनग्राद, १९६१ पासून व्होल्गोग्राद. शहर काठाने साठ-एक किलोमीटर लांबट पसरलंय, रुंदीला जेमतेम. मामायेव टेकडीवर चढायला दोनशे पायऱ्या, दुसऱ्या महायुद्धातल्या स्तालिनग्रादच्या लढाईच्या दोनशे दिवसांच्या. वर तलवार उगारलेली मातृभूमी, एकूण उंची ८५ मीटर. टेकडीच्या पोटात ३४ हजारांहून अधिक माणसं पुरलेली आहेत.

पण मला थांबवलं ते स्मृतिदालनाने. गोल भिंतीवर लाल झेंडे आणि त्यांवर पडलेल्यांची नावं, सात हजारांच्या वर. ताईने चष्मा लावला आणि वाचायला लागली: इव्हानोव्ह, पेत्रोव्ह, मग तातार नावं, जॉर्जियन, कझाक, युक्रेनियन. मागे शूमानची, एका जर्मन संगीतकाराची, धून सतत वाजत असते. ‘रशियन सैनिक’ म्हणून आपण ज्याला ओळखतो तो किती वेगवेगळ्या आयांचा मुलगा होता!

शनिवार : सारेप्ता, मग एलिस्ता

शहराच्या दक्षिण टोकाला जुनी सारेप्ता आहे. १७६३ मध्ये राणी कॅथरीनने परदेशी वसाहतवाल्यांना जमीन आणि धर्माची मोकळीक देऊ केली, आणि १७६५ मध्ये मोरेव्हियन पंथाचे जर्मन इथे आले. त्यांना शेजारच्या काल्मिक लोकांत धर्मप्रसार करायचा होता. काल्मिक बौद्धच राहिले. जर्मनांनी मात्र गवताळ रानातल्या मोहरीकडे लक्ष दिलं, ती लावली, तेल गाळलं, आणि ‘सारेप्ता मोहरी’ युरोपभर गेली. ही आपल्या फोडणीतल्या मोहरीचीच जात. संग्रहालयात घाण्याजवळ उभं राहिल्यावर तो ओळखीचा उग्र वास आला आणि आम्ही दोघींनी एकदमच मान वर केली.

२८ ऑगस्ट १९४१ च्या हुकुमाने व्होल्गेकाठच्या सगळ्या जर्मनांना सैबेरिया आणि कझाकस्तानात पाठवलं. हिटलरच्या सैन्याला मदत करतील अशी भीती. पावणेदोनशे वर्षं इथेच जन्मलेली, इथेच मेलेली माणसं. त्यांचं प्रजासत्ताक पुन्हा कधीच उभं राहिलं नाही.

दुपारची बस एलिस्ताला. झाडं संपतात आणि गवत सुरू होतं. ऑगस्टमध्ये ते पार तांबूस पडलेलं.

रविवार : एलिस्ता

काल्मिकिया हा युरोपातला बौद्धबहुल प्रदेश, एलिस्ता त्याची राजधानी. काल्मिक म्हणजे पश्चिम मंगोल, ओइरात. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला झुंगारियातून, म्हणजे आजच्या चीनच्या वायव्य भागातून, कळपांसकट चालत व्होल्गेच्या खालच्या काठाला आले. झारची सरहद्द राखायची आणि बदल्यात गवत चारायचं, असा करार. पुढे शतकभराने जमिनीवर वसाहती वाढल्या, खानाचे अधिकार कापले जाऊ लागले. जानेवारी १७७१ मध्ये उबाशी खान दीड लाखाहून जास्त माणसं घेऊन परत मायदेशी निघाला. त्या हिवाळ्यात नदी नीट गोठली नाही, म्हणून उजव्या काठावरच्यांना ओलांडता आलं नाही, ते राहिले. निघालेल्यांपैकी निम्म्याहून कमी चीनच्या हद्दीत जिवंत पोचले. आजचे काल्मिक हे त्या न गोठलेल्या नदीमुळे इथे उरलेल्यांचे वंशज.

आम्ही उतरलो होतो त्या घरच्या बाईंचा जन्म सैबेरियातला. २८ डिसेंबर १९४३ ला, स्तालिनग्रादची लढाई संपून वर्षही झालं नव्हतं तेव्हा, देशद्रोहाचा ठपका ठेवून नव्वद हजारांहून अधिक काल्मिक गुरांच्या डब्यांत भरून सैबेरियाला पाठवले. आघाडीवर लढणाऱ्या काल्मिक सैनिकांनाही पुढे सैन्यातून काढून घेतलं. परतायची मुभा मिळाली १९५७ मध्ये. बाई सांगत होत्या आणि हात चहात गुंतलेले: विटेसारख्या दाबलेल्या हिरव्या चहाचा तुकडा मोडून उकळत ठेवला, काळपट झाल्यावर दूध, मीठ, लोण्याचा गोळा, वर जायफळ. मग पळीने उंचावरून पुन्हा पुन्हा ओतत राहिल्या, तवंग एकजीव होईस्तोवर. “आई सैबेरियात चहा मिळाला नाही की नुसतंच पाणी आणि मीठ असं ढवळायची,” असं म्हणाल्या. पहिला पेला बुद्धापुढे ठेवला, मग आम्हाला दिला. ताईचे डोळे भरून आले होते आणि ते लपवायचा तिने काही प्रयत्न केला नाही.

गावाबाहेर एर्न्स्ट नेइझ्वेस्त्नी या शिल्पकाराचं १९९६ चं स्मारक आहे. टेकाडावर काळसर कांस्याचा एक मोठा गुंता, त्यात घोडा, माणसं, चेहरे, आणि पायथ्याशी रूळ. जवळ डबाही उभा आहे.

संध्याकाळी मुख्य मंदिर, शाक्यमुनी बुद्धाचं सुवर्णस्थान, २००५ मध्ये उघडलेलं. आत नऊ मीटरची बुद्धमूर्ती. बाहेर भोवताली १७ छत्र्या आणि प्रत्येकीत नालंदेचा एक आचार्य: नागार्जुन, आर्यदेव, असंग, वसुबंधू, दिङ्नाग, धर्मकीर्ती. तिबेटी परंपरा नागार्जुनाचा जन्म विदर्भातला मानते. रशियाच्या गवताळ रानात, त्याच्या मूर्तीपुढे एक लहान काल्मिक मुलगी आजोबांचा हात धरून वाकली. तिथे उभं असताना आपण परक्या देशात आहोत असं मला वाटलंच नाही.

सोमवार : गवताळ रान

एलिस्ता ते अस्त्राखान बस. वाटेत ‘काळ्या जमिनी’. हिवाळ्यात बर्फ टिकत नाही म्हणून हे नाव. सोव्हिएत काळात इथे नको तितकी मेंढरं चारली, नांगरू नये ती जमीन नांगरली, आणि मोठे पट्टे वाळूचे झाले. सायगा हरणं राखण्यासाठी १९९० मध्ये अभयारण्य केलं. आम्हाला एकही दिसलं नाही.

मंगळवार : अस्त्राखान

१५५६ मध्ये इव्हानने हे शहर घेतलं आणि व्होल्गा उगमापासून मुखापर्यंत रशियाची झाली. बाजारात दोऱ्याला ओवलेली सुकी वोब्ला मासळी लटकते. लोक बाकावर बसून हाताने सोलून खातात. बाजारात रशियन, तातार, कझाक, अझरबैजानी, दागिस्तानी अशा बोली कानावर पडतात.

भारतीय व्यापाऱ्यांसाठी इथे १६२५ मध्ये स्वतंत्र आवार बांधलं गेलं. मुलतान, सिंध, पंजाब, मारवाडकडचे लोक इराणमधून कॅस्पियन ओलांडून यायचे. कापड, रेशीम, जडजवाहीर आणि सावकारी. अठराव्या शतकाच्या अखेरीस निसर्गशास्त्रज्ञ पाल्लास याने त्यांची संध्याकाळची पूजा पाहून लिहून ठेवली. घरच्या बायका बरोबर नसल्याने अनेकांनी तातार स्त्रियांशी लग्नं केली. त्यांच्या मुलाबाळांना अग्रिझान म्हणत, आणि हळूहळू ते तातारांत मिसळून गेले. जुन्या आवाराच्या जागी आज दिसते ती इमारत नंतरची. ताई तिच्या दारापुढे उभी राहून म्हणाली, “आपण निकितिनचं कौतुक करतो. यांची नावं कोण घेतं?” खरंच आहे. ही माणसं दोनेक शतकं इथे राहिली.

बुधवार : त्रिभुजप्रदेश

नावाडी कझाक होता. व्होल्गा इथे शेकडो फाट्यांत फुटते आणि सुमारे २७ हजार चौरस किलोमीटरवर पसरते. ऑगस्टात कमळं ऐन बहरात. गुलाबी फुलांचं पाणी नजर पोचेल तिथवर. कॅस्पियन जगाच्या समुद्रसपाटीपेक्षा अठ्ठावीस-एकोणतीस मीटर खाली आहे. नावाडी म्हणाला, पाणी मागे सरतंय, वडील जिथे जाळी टाकायचे तिथे आता बोरू उभा आहे. व्होल्गोग्रादचं धरण १९६१ मध्ये पूर्ण झालं तेव्हापासून बेलुगा या स्टर्जन कुळातल्या माशाला अंडी घालायला वर जाता येत नाही, आणि आता स्टर्जनच्या व्यापारी मासेमारीवर बंदी आहे. पोराला तो नदीवर ठेवणार नाही, असंही म्हणाला.

यातलाच एक फाटा बुझान. निकितिनला इथेच कासिम खानाच्या तातारांनी गाठलं. मासेमारीसाठी रोवलेल्या खुंटांच्या बांधात लहान नाव अडकली, लुटली गेली, आणि त्याचा सगळा माल नेमका तीत होता. रिकाम्या हाताने घरी गेलं तर डोक्यावर कर्ज. म्हणून तो पुढे गेला, दरबंद, बाकू, होर्मुझ आणि तिथून चौल. जुन्नरला तिथल्या खानाने त्याचा घोडा हिसकावला, मुसलमान हो म्हणाला, आणि एका खुरासानी मुसलमानानेच मध्ये पडून त्याला सोडवलं. ताईने हे सगळं नावाड्याला सांगितलं, वाटाड्याने भाषांतर केलं. तो लक्ष देऊन ऐकत होता.

मग त्याने आपली गोष्ट सांगितली. कझाकांचा सर्वांत थोर संगीतकार कुर्मानगाझी, दोम्ब्रा या दोन तारांच्या वाद्यावर त्याच्या रचना वाजल्याशिवाय कझाकांचं कार्य पार पडत नाही, तो शेवटी इथेच येऊन राहिला आणि इथल्याच मातीत, अल्तिनझार गावाजवळ, पुरला आहे. सरहद्दीपलीकडून कझाकस्तानातली माणसं त्याच्या कबरीला येतात. “एवढ्या लांबून आलात, ते बघितल्याशिवाय जाऊ नका,” असा त्याचा आग्रह. आम्ही दुपारची दुसरी सफर रद्द केली आणि अल्तिनझारची गाडी ठरवली.